नसलेल्या तळ्याची फिल्म

मी कॅमेरा चालवायला लागले तेव्हा दिल्लीत डॉक्युमेंटरी म्हणजे फीत कापणे, असा साधा अर्थ होता. मंत्री यायचे, तबकातली कात्री उचलायचे, कात्री बोथट निघायची, मग कोणीतरी अधिकारी मागून फीत ताणून धरायचे आणि मी हे सगळं गुडघ्यावर बसून टिपायचे. कापण्याआधीचा हात, कापतानाचा हात, नंतरच्या टाळ्या. धरण असो, खताचा कारखाना असो, नाहीतर कुटुंबनियोजनाचं केंद्र, हे तीन शॉट ठरलेले. मधल्या भागात एक हसरा शेतकरी लागायचा. तो मी हरियाणात एकदा मन लावून टिपला होता. डोक्याला पगडी, भरघोस मिशा, मागे ट्यूबवेलचं उसळतं पाणी. पुढची सहा वर्षं तोच शेतकरी सुधारित बियाणं मिळाल्यावर, गावात वीज आल्यावर आणि नसबंदी केल्यावर तितक्याच जोमाने हसला.

दिल्लीत कॅमेरा चालवणारी दुसरी बाई तेव्हा मला तरी भेटली नव्हती. सरकारी इमारतीच्या फाटकावरचा शिपाई माझ्या खांद्यावरचा कॅमेरा बघून दर वेळी विचारायचा, "कैमरामैन साहब पीछे आ रहे हैं?"

"साहब आ चुके," मी म्हणायचे. तो तरीही माझ्या मागे बघत राहायचा.

पास देणाऱ्या बाबूने माझ्या नावाआधी ‘श्री’ लिहिलं. मी हरकत घेतली तेव्हा तो समजुतीच्या सुरात म्हणाला, "मैडम, फॉर्म में कैमरामैन छपा है. कैमरामैन के आगे कुमारी कैसे लगाऊँ?" त्याचंही बरोबर होतं. सात वर्षं मी श्री राहिले.

घरी आम्ही तिघं. सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये, पहिल्या मजल्यावर, दोन खोल्या आणि बांबूच्या चिकांचे पडदे लावून बंद केलेला व्हरांडा. बाबा तरुणपणी साताऱ्याहून कारकून म्हणून दिल्लीला आले आणि एका मंत्रालयाच्या आवक विभागात रुजू झाले. आलेल्या प्रत्येक कागदावर ‘प्राप्त’ असा गोल शिक्का मारायचा, तारीख घालायची आणि कागद पुढच्या टेबलावर ढकलायचा, हे त्यांचं काम. पुढे बढती मिळाली, म्हणजे शिक्का दुसरे मारू लागले आणि तो सरळ पडलाय की नाही हे बाबा बघू लागले. मुलगी फिल्मच्या धंद्यात गेली याचा त्यांना सुरुवातीला धसका होता. माझ्या फिल्म सरकारी असतात हे कळल्यावर त्यांनी सुटकेचा श्वास सोडला. "सरकारी आहे ना? मग बिल्कुल ठीक आहे," असं ते आईला म्हणाले. आईला मात्र एवढंच कळत होतं, की मी दिवसभर उन्हात उभी राहते आणि त्यामुळे रंग जातो.

मी ज्या दिग्दर्शकांच्या हाताखाली काम करायचे ते खादीचा झब्बा घालायचे आणि पाइप ओढायचे. बहुतेक वेळा तो विझलेला असायचा. शॉट लावायचा म्हटलं की ते क्षितिजाकडे बघत म्हणायचे, "सत्य को पकड़ो." सत्य कुठे आहे, कोणत्या लेन्सने पकडायचं, आणि ऊन जायच्या आत कसं पकडायचं, हे माझ्यावर सोडलेलं असायचं. संध्याकाळी ते प्रेसला सांगायचे की हा शॉट त्यांना रात्री स्वप्नात दिसला होता.

मग बाजार खुला झाला. आमच्या भागात त्याची पहिली खबर कपड्यांतून लागली. सरोजिनी नगरच्या फुटपाथवर एकाएकी परदेशी नावांचे शर्ट ढिगाने आले, निर्यातीतून बाद झालेले, एक बाही आखूड असलेले. गच्च्यांवर डिश अँटेना उगवल्या. नोएडात कुणाच्या गॅरेजमध्ये, कुणाच्या बंद पडलेल्या कारखान्यात चॅनेलं सुरू झाली. फिती कापण्याच्या फिल्म कमी झाल्या आणि आमच्या दिग्दर्शकांनी झब्बा टाकून शर्टावर गॅलिस चढवले. पाइप तेवढा राहिला. एक दिवस त्यांनी मला नोएडाच्या पलीकडे, जिथे सेक्टरांचे आकडे संपतात आणि मोहरीची शेतं सुरू होतात, तिथे नेलं. एका बिल्डरला आपल्या नव्या वसाहतीची फिल्म हवी होती.

बिल्डर पन्नाशीचा, गोल चेहऱ्याचा, अतिशय प्रेमळ माणूस होता. सगळ्यांना आधी खायला घालायचा. समोसे संपल्यावर त्याने आपली अपेक्षा सांगितली. "मुझे विज्ञापन नहीं चाहिए. विज्ञापन झूठ होता है, ये बच्चा-बच्चा जानता है. मुझे डॉक्यूमेंट्री चाहिए. डॉक्यूमेंट्री सच होती है."

"बिल्कुल," दिग्दर्शक पाइप काढून म्हणाले.

मी आजूबाजूला पाहिलं. एक भलामोठा बोर्ड होता. त्याच्या शेजारी एक नमुन्याचा फ्लॅट बांधलेला होता, जमिनीवर एकटाच, जसा कुणीतरी इमारतीतून उपटून आणून ठेवावा तसा. बाकी शेत. शेतात आठ-दहा म्हशी.

तिसऱ्या दिवशी दिग्दर्शकांना मुंबईहून एका मालिकेचं बोलावणं आलं. ते सामान बांधून गेले, जाताना मला एवढंच म्हणाले, "सँभाल लेना." मी बिल्डरकडे जाऊन सांगितलं, की दिग्दर्शक गेले, आता काम थांबेल. तो हसला. "मैडम, कैमरा आपके पास है, बिल्डिंग मेरे पास है. डायरेक्टर करता क्या था?" मला तो विझलेला पाइप आठवला. "आज से डायरेक्टर आप," तो म्हणाला आणि समोशांची बशी माझ्याकडे सरकवली.

अशा रीतीने मी दिग्दर्शक झाले. इतकी वर्षं मी याची वाट पाहिली होती आणि मला वाटलं होतं की त्या क्षणी काहीतरी विचार मनात येईल. मनात फक्त एवढंच आलं, की फिल्मच्या शेवटी माझं नाव एकटं येईल, आणि त्याच्या आधी ‘श्री’ नसेल.

मग मी सपाटून काम केलं. झेंडूच्या कुंड्या लेन्सच्या अगदी पुढे ठेवल्या, की मागच्या शेताची बाग होते. मुलं बिल्डरच्या भावाबहिणींची आणली. पोहण्याचा तलाव दिल्लीतल्या हॉटेलातला. म्हशी ज्या अम्मांच्या होत्या, त्यांच्या मुलाने जमीन विकून जीप घेतली होती आणि अम्मांना जीपचा काही उपयोग नव्हता, म्हणून त्या रोज आपल्या जुन्या शेतात म्हशी घेऊन यायच्या. पहिल्या दिवशी मी त्यांना विनंती केली. दुसऱ्या दिवसापासून त्या स्वतःच विचारू लागल्या, "बेटी, आज कहाँ तक दिखेगा?" मी हाताने दाखवायचे. त्या म्हशी त्याच्या बरोब्बर हातभर पलीकडे न्यायच्या आणि काठी टेकून उभ्या राहायच्या. फ्रेमची इतकी अचूक जाण मला पुढे पगारी सहायकांतही सापडली नाही.

वसाहतीच्या मधोमध तळं होणार होतं. नकाशावर ते निळं होतं. जमिनीवर त्या जागी खड्डासुद्धा नव्हता. मी घरून आईची पितळी परात नेली. बिल्डरच्या ऑफिसात वसाहतीचं टेबलभर मॉडेल होतं, थर्मोकोलची झाडं आणि पुठ्ठ्याच्या इमारती. त्याच्या पुढे परात ठेवली, पाण्यात चिमूटभर नीळ टाकली, लेन्स पाण्याला टेकवली आणि काठाला पेन्सिलीने हलकेच टिचकी मारली. पाण्यावर तरंग उठले, तरंगांत बारा मजली इमारती थरथरल्या. माझ्या आयुष्यातल्या सर्वांत सुंदर शॉटांपैकी तो एक आहे. हे मी आजही म्हणते.

शेवटी बिल्डर म्हणाला, सरकारी मंजुरीही दाखवा. त्याने नकाशा पुढे केला. कोपऱ्यात गोल शिक्का होता. मी वाचलं, तर शिक्का मंजुरीचा नव्हता. अर्ज कचेरीत पोचला, एवढंच त्यात म्हटलेलं होतं. "मंजूरी आ ही रही है," बिल्डर म्हणाला. मी शिक्क्याच्या अगदी जवळ गेले, इतकी, की अक्षरं फ्रेमबाहेर गेली आणि शाईची नुसती कड राहिली. गोल, जांभळी, विश्वासार्ह.

फिल्म एका हॉटेलच्या हॉलमध्ये चहापाण्यासह दाखवली गेली. दिग्दर्शक म्हणून माझी पहिली फिल्म, म्हणून मी आईबाबांना बोलावलं. बाबांनी ठेवणीतला कोट घातला. माझं नाव पडद्यावर आलं तेव्हा त्यांनी शेजारच्या अनोळखी गृहस्थांना कोपराने ढोसून सांगितलं, "माझी मुलगी." मराठीतच सांगितलं. गृहस्थ पंजाबी होते. ते म्हणाले, "अच्छा जी."

पुढच्या रविवारी आम्ही नेहमीसारखे कोपर्निकस मार्गावरच्या महाराष्ट्राच्या अतिथिगृहात जेवायला गेलो. महिन्यातून एकदा आईला दुसऱ्याच्या हातचं थालीपीठ लागायचं. थालीपीठ आलं आणि बाबांनी खिशातून एक घडी केलेला कागद काढून टेबलावर ठेवला. तोंडभर हसत होते.

"फ्लॅट बुक केला," ते म्हणाले. "तुझ्या फिल्ममधला. चौथा मजला, तळ्यासमोर."

माझा घास तोंडातच राहिला. "बाबा, तिथे काहीही नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे शेत आहे. म्हशी आहेत."

"अगं, मी डोळ्यांनी बघितलं. तळं होतं."

"ते तळं परातीतलं होतं बाबा. आईच्या परातीतलं."

आईने हातातलं थालीपीठ खाली ठेवलं. "म्हणून माझ्या परातीला नीळ लागली होती! मी त्या भांडीवालीला उगाच बोलले."

बाबांनी कागदाची घडी पुन्हा घातली. मग म्हणाले, "तळं जाऊ दे. पण शिक्का? तो तर खरा होता ना?"

"शिक्का खरा होता."

"मग झालं तर!"

"तो ‘प्राप्त’चा शिक्का होता बाबा."

त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. तीस वर्षं त्याच शिक्क्यात काढलेल्या माणसाला मी क्लोज-अपमध्ये फसवलं होतं. मला वाटलं आता ते रागावतील. ते रागावले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "हे बघ, कुठलीही गोष्ट आधी कागदावरच असते. प्राप्त झाली म्हणजे पुढे सरकणारच." आणि आईला म्हणाले, "खा तू, गार होतंय."

दुसरा काही इलाजही नव्हता. दीड वर्षात ते निवृत्त होणार होते आणि क्वार्टर सोडावं लागणार होतं. साताऱ्यात आता आमचं कुणी नव्हतं. तरीही मी बिल्डरकडे जाऊन बुकिंग रद्द करायला सांगितलं, तर तो दुखावला. "डायरेक्टर मैडम के पिताजी? उनको तो मैं सबसे पहले चाबी दूँगा."

त्याने शब्द पाळला. इमारत चार मजल्यांपर्यंत आली तेव्हा सर्वांत आधी आम्हाला चावी मिळाली. वरचे आठ मजले बाकी होते, जिन्याला कठडा नव्हता, लिफ्टच्या जागी सरळ खाली बघता येईल असं भोक होतं. आईने पहिल्या दिवशी त्यापुढे आडवी खाट टाकली. पाणी टँकरने यायचं, तेही ठरल्या दिवशी नाही. एक गोष्ट फक्त वेळेवर व्हायची. अम्मा रोज सकाळी दूध घालायला यायच्या. खड्डा झाला होता, तळं नव्हतं, आणि पावसाळ्यात त्या खड्ड्यात त्यांच्या म्हशी बसायच्या.

एकूण अकरा कुटुंबं राहायला आली. बाबांनी महिन्याभरात त्यांची संघटना काढली आणि स्वतः सचिव झाले. निवृत्त माणसाला याहून मोठं वरदान नाही. रोज एक तक्रारीचं पत्र जायचं. "पुरावा हवा," ते मला म्हणाले. "तू शूटिंग कर. सगळं घे. आणि लांबून घे, पूर्ण दिसेल असं." मी एक छोटा, हातात मावणारा व्हिडिओ कॅमेरा घेतला होता. टँकरच्या पाठी धावणारे लोक, जिन्यावरून कपाट वर नेणारे हमाल, एका कचेरीतून दुसरीकडे आणि दुसरीतून पुन्हा पहिलीकडे जाणारे बाबा, असं मी टिपत गेले. हळूहळू मला कळलं की ही फिल्म होते आहे. मात्र एक गोष्ट बाबांनी मला बजावून सांगितली होती. "ती पहिली फिल्म तू केलीस हे इथे कुणाला कळता कामा नये. लोक मला सचिव म्हणून ठेवणार नाहीत." शेजारचे लोक मला चॅनेलवाली समजायचे.

मग एके दिवशी आम्ही सगळे मोर्चाने बिल्डरच्या नव्या ऑफिसात गेलो. तळमजल्यावरच्या काकूही होत्या. त्या बँकेत अधिकारी, पुण्याहून बदली होऊन आलेल्या, एकट्या, स्पष्टवक्त्या. आम्हाला थंडगार प्रतीक्षागृहात सोफ्यावर बसवलं, समोसे आले, आणि समोरच्या टीव्हीवर फिल्म सुरू झाली. माझी. ती कॅसेट तिथे दिवसभर फिरत असावी. कुंड्या आल्या, पुतणे आले, तलाव आला. तावातावाने आलेली अकरा कुटुंबं हळूहळू शांत होत गेली. पाण्यावर तरंग उठले तेव्हा एक गृहस्थ उसासा टाकून म्हणाले, "क्या जगह है यार." त्यांना त्या क्षणी तिथे राहायला जावंसं वाटत होतं.

मी कॅमेरा चालू ठेवून हे टिपत होते आणि अचानक माझ्या ध्यानात आलं. फिल्म संपत आली होती. आता नाव येणार.

बाबांच्याही ते लक्षात आलं. ते उठले, टीव्हीसमोर जाऊन उभे राहिले आणि सावकाश चष्मा पुसू लागले. सत्तर किलोचे बाबा आणि एकवीस इंची टीव्ही. जवळजवळ सगळं झाकलं गेलं. पण काकू सोफ्याच्या टोकाला बसल्या होत्या आणि त्यांना बाबांच्या कोपराखालून आमचं आडनाव दिसलं.

"सचिवसाहेब, जरा सरका," त्या म्हणाल्या.

बाबा सरकले नाहीत. मीच म्हणाले, "काकू, ती फिल्म माझी आहे." मग तेच हिंदीत सगळ्यांना सांगितलं. समोसा खाण्याचाही आवाज थांबला. मला ओरडा चालला असता. काकूंनी माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, "मग तुला माहीत असेल. तळं कुठंय?"

तेवढ्यात बिल्डर दारात आला आणि मला बघून त्याचा चेहरा खुलला. "अरे, डायरेक्टर मैडम! फेज टू शुरू हो रहा है. आपको ही बुलाने वाला था!"

परतताना बसमध्ये माझ्याशेजारी कुणी बसलं नाही. संध्याकाळी काकू चार मजले चढून घरी आल्या. धापा टाकत म्हणाल्या, "तू सगळ्यांच्या मुलाखती घेतेस. तुझी कोण घेणार? बस तिथे." मी कॅमेरा तिवईवर लावला आणि बटण कसं दाबायचं ते बाबांना दाखवलं. खुर्चीत बसले. वीस वर्षं कॅमेऱ्यामागे काढली होती, आपले हात कुठे ठेवायचे ते मला कळेना.

"तुला माहीत होतं?" काकूंनी विचारलं.

"हो."

"सगळं?"

"म्हशी कुठवर उभ्या आहेत तेसुद्धा."

"मग का केलंस?"

मी बरीच कारणं तयार ठेवली होती. पोटापाण्याचं होतं, सगळेच करतात हे होतं. तोंडून भलतंच निघालं. "त्यांनी मला दिग्दर्शक म्हटलं. मला फार बरं वाटलं."

"एवढंच?"

"एवढंच, काकू."

आई स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून डोळे पुसत होती. बाबा कॅमेऱ्यामागून बाहेर आले आणि अपराधी आवाजात म्हणाले, "अगं, तो लाल दिवा लागायला हवा होता का?"

त्यांनी बटण दोनदा दाबलं होतं. काहीच उतरलं नव्हतं. आम्ही पुन्हा बसलो. काकूंनी तेच प्रश्न विचारले, मी तीच उत्तरं दिली. दुसऱ्या खेपेला मी योग्य जागी थांबले, ‘बरं वाटलं’च्या आधी खिडकीकडे पाहिलं, आवाज किंचित खाली आणला. उजेडही जास्त चांगला होता. फिल्ममध्ये अर्थात तेच आहे.

ती फिल्म दोन-तीन महोत्सवांत गेली आणि एकीकडे तिला छोटंसं पारितोषिक मिळालं. परीक्षकांनी त्या मुलाखतीतल्या ‘अकृत्रिम, उत्स्फूर्त प्रामाणिकपणा’चा खास उल्लेख केला. मी व्यासपीठावर जाऊन नमस्कार केला. खरं सांगायला तिथे वेळ नव्हता, असं मी स्वतःला समजावलं. बाबांनी फिल्म एकदाच पाहिली. "चांगली आहे," ते म्हणाले, "पण पहिली जास्त बघावीशी वाटते." शेजारी हळूहळू माझ्याशी बोलायला लागले. फिल्ममध्ये आपण दिसतो हे कळल्यावर जरा लवकर लागले.

एका चॅनेलने त्यातली दोन मिनिटं बातम्यांत दाखवली. त्यामुळे असो, की बाबांच्या पत्रांमुळे असो, पुढच्या थंडीत लिफ्ट आली. पहिल्या फेरीचा मान सचिवांचा. बाबा कोट घालून एकटेच आत शिरले, आम्हा सगळ्यांना हात केला आणि दार मिटलं. दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मध्ये वीज गेली. आम्ही जिन्यावर उभे राहून दाराच्या फटीतून त्यांना धीर देत होतो. आईने त्यांना दम लागेल म्हणून बोलू नका असं बजावलं. आतून आवाज नाही. पंचवीस मिनिटांनी वीज आली, दार उघडलं आणि बाबा बाहेर आले. कोट घामाने भिजलेला, टाय सुटलेला, चेहरा मात्र तरतरीत. आईने पुढे केलेला पाण्याचा पेला त्यांनी हातानेच बाजूला सारला आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "कागद घे. मजकूर तयार आहे."